रजिस्टर वाहून गेलं नव्हतं

"अहो काका, पानशेतमध्ये गेलं सगळं." शाळेच्या लिपिकानं मान वरही केली नाही. वय फार तर पस्तीस. पानशेत धरण फुटून पुण्यात पूर आला १२ जुलै १९६१ ला.

मुलीच्या जात पडताळणीसाठी माझ्या वडिलांच्या शाळेतल्या नोंदीचा उतारा हवा होता. ओबीसीला १३ ऑक्टोबर १९६७ पूर्वीचा पुरावा लागतो. आमच्याकडे वडिलांचा १९६५ चा शाळा सोडल्याचा दाखला होता, ‘हिंदू शिंपी’ असं स्वच्छ लिहिलेला. पण पडताळणी समितीचं दक्षता पथक शाळेत जाऊन मूळ नोंद बघतं. शाळेनंच हात वर केले तर नुसत्या दाखल्याला कोण विचारतो? इंजिनिअरिंगचा प्रवेश पडताळणीच्या पावतीवर मिळाला होता. मुदतीत प्रमाणपत्र गेलं नसतं तर राखीव जागा गेली असती.

पहिल्या खेपेला साहेब रजेवर. दुसऱ्या खेपेला कपाटाची चावी घरी राहिलेली. तिसऱ्या खेपेला पानशेत. आणि मी ते मुकाट्यानं मान्य केलं, याचा मला आजही राग येतो. नदीकाठच्या पेठांत वाढलेला माणूस या उत्तरावर शंका घेत नाही. आमच्याच घरातलं आजोबांचं शिलाई मशीन त्या दिवशी गाळात गेलं. शाळाही नदीपासून लांब नाही. वाटलं, गेलं असेल.

त्या रात्री प्रतिज्ञापत्राचा मजकूर जुळवायला दाखला पुढ्यात घेतला. इतकी वर्षं मी त्यावरची जात आणि जन्मतारीख एवढंच बघत आलो होतो. तळाशी छापलेली ओळ कधी वाचलीच नव्हती. वरची माहिती शाळेच्या जनरल रजिस्टर नंबर १ प्रमाणे बरोबर आहे, असं त्यात लिहिलं होतं. खाली मुख्याध्यापकांची सही, तारीख जून १९६५. पुराला तेव्हा चार वर्षं होत आली होती. रजिस्टर १९६१ ला वाहून गेलं, तर १९६५ ला त्यात बघून दाखला कुणी लिहिला?

दुसऱ्या दिवशी तीच ओळ लिपिकाच्या समोर धरली. म्हणाला, "तेव्हा काय, कसंही लिहून द्यायचे." कपाट उघडायचा कंटाळा, म्हणून माझ्या वडिलांचा दाखला खोटा ठरवायला हा माणूस तयार झाला. वडील आता नाहीत. मुख्याध्यापिका बाईंकडे गेलो, तर त्या म्हणाल्या, "आधीच्या मुख्याध्यापकांनी चार्ज देताना यादीच दिली नाही, आम्ही तरी काय करणार?" यादी नव्हती, तर चार्ज घेतला कशाला?

मग माहिती अधिकाराचा अर्ज केला. शाळा अनुदानित, त्यामुळे कायदा लागू. दहा रुपयांचा कोर्ट फी स्टॅम्प लागतो आणि तीस दिवसांत उत्तर द्यावं लागतं. नुसता ‘उतारा द्या’ असा अर्ज करू नका. त्यावर ‘अभिलेख आढळून येत नाही’ एवढं एका ओळीत कळवतात. मी चार गोष्टी मागितल्या: जनरल रजिस्टरच्या सगळ्या खंडांची यादी, गेल्या दोन मुख्याध्यापकांच्या चार्जच्या याद्या, पुरात गेलं असेल तर त्याचा पंचनामा, नष्ट केलं असेल तर तसा आदेश. शिवाय दप्तर स्वतः येऊन पाहण्याची परवानगी. जनरल रजिस्टर हे कायमचं जपायचं दप्तर आहे, हजेरीपत्रकासारखं काही वर्षांनी रद्दीत घालायचं नाही. हे शाळेलाही ठाऊक असतं.

सव्विसाव्या दिवशी फोन आला. "काका, या एकदा."

रजिस्टर खेळाच्या सामानाच्या खोलीत, फुटक्या कॅरमखालच्या लोखंडी कपाटात होतं. कापडी पुठ्ठ्याचं, दोन हातांनी उचलावं लागेल एवढं. पानं उघडली आणि बोटांना बारीक, तांबूस माती लागली. प्रत्येक पानावर खालून चार बोटं उंचीवर पाण्याची तपकिरी रेघ होती. पूर या रजिस्टरमध्ये खरोखरच शिरला होता. त्या रेघेखालची शाई फुटली होती आणि तीच नावं वेगळ्या हातानं पुन्हा गिरवली होती. काही पानांमध्ये टीपकागदाचे तुकडे तसेच होते. १९६१ मध्ये कुणीतरी हे गाळातून काढलं, पान पान सुटं करून वाळवलं, पुसलेली नावं पुन्हा लिहिली. वडिलांची नोंद रेघेच्या वर, निळ्या शाईत, शाबूत. मागच्या कोपऱ्यात मात्र वाळवीनं बोटभर भोक पाडलं होतं, आणि ती वाळवी ताजी होती.

लिपिक शेजारीच उभा होता. ‘चुकलं’ एवढा शब्दही त्याच्या तोंडून निघाला नाही.

आता ज्यांची मुलं शाळेत आहेत त्यांना सांगतो. दाखल्यावरचा रजिस्टर क्रमांक आजच वहीत लिहून ठेवा. क्रमांक सांगितला की ‘शोधावं लागेल’ म्हणता येत नाही. दाखला लॅमिनेट करू नका. आम्ही केला होता, आतली शाई फिकी पडली, शिक्का दिसेनासा झाला आणि समितीत त्यावरून निराळे प्रश्न आले. नाव, जात, जन्मतारीख यांतली चूक मूल शाळेत असतानाच दुरुस्त करून घ्या. शाळा सोडल्यावर फक्त उघड दिसणारी लेखनातली चूक सुधारता येते, तीही शिक्षणाधिकाऱ्यांच्या परवानगीनं. प्रत्येक अर्जाची पोच घ्या. कागदांच्या दोन-तीन प्रती ठेवा, डिजिलॉकरमध्ये जे मिळतं ते उतरवून घ्या.

दुसरंही एक आहे. मला वडिलांचं पान दाखवायला याच शाळेला महिना लागला. माझ्या पुतणीच्या वर्गाची मात्र आधार क्रमांक आणि पालकांच्या मोबाइलसकट यादी त्यांनी व्हॉट्सअॅप ग्रुपवर टाकली, ‘तपासून घ्या’ म्हणून. अशी यादी आली तर गप्प बसू नका, लगेच काढायला लावा आणि तसं लेखी द्या.

मुलीला प्रमाणपत्र मुदतीच्या नऊ दिवस आधी मिळालं. उतारा घेऊन निघालो तेव्हा शिपाई ते रजिस्टर त्याच कपाटात, त्याच कॅरमखाली ठेवत होता. मी तिथल्याच बाकावर बसून अर्ज लिहिला: वाळवीचा बंदोबस्त करा, सगळे खंड स्कॅन करा, खर्चाला कमी पडलं तर माजी विद्यार्थ्यांकडून मी गोळा करून देतो. पोच घेतली. त्याला चौदा महिने झाले. दोन स्मरणपत्रं दिली. उत्तर आलेलं नाही.