राबणारे हात मोजा : देशातील रोजगाराचे आकडे आणि आपली शेती

शेतकरी मेळाव्यात हमखास विचारला जाणारा एक प्रश्न आहे : "गावात माणसे तर दिसतात, मग खुरपणीला मजूर का मिळत नाहीत?" दुसरीकडे वर्तमानपत्रांत वाचायला मिळते की, देशात काम करणाऱ्यांचे प्रमाण वाढले, शेतीवरील माणसे वाढली आणि बेकारी कमी झाली. या दोन्ही गोष्टी एकाच वेळी खऱ्या कशा असू शकतात? याचे बरेचसे उत्तर सरकारी आकडेवारीतच दडलेले आहे. मात्र ही मोजणी कशी होते, हे समजल्याशिवाय ते हाती लागत नाही. प्रस्तुत लेखात ही मोजणी, तिच्यातून दिसणारा बदल आणि आपल्या शेतीच्या हिशेबात तिचा उपयोग यांची माहिती दिली आहे.

मोजणी कशी होते?

देशातील रोजगाराची पाहणी राष्ट्रीय सांख्यिकी कार्यालय करते. पूर्वी ती साधारणपणे दर पाच वर्षांनी होत असे. एप्रिल २०१७ पासून ती 'नियतकालिक श्रमशक्ती सर्वेक्षण' या नावाने सतत सुरू झाली आणि २०२५ पासून दर महिन्याचे आकडेही प्रसिद्ध होऊ लागले. या लेखात २०१७-१८ ते २०२३-२४ या सात वर्षांचा विचार केला आहे, कारण हे आकडे जुलै ते जून या एकाच पद्धतीचे असून त्यांची तुलना करता येते. सहभाग आणि बेकारीचे दर १५ वर्षे व त्यावरील व्यक्तींचे आहेत.

तीन संज्ञा समजून घेण्यासाठी १५ वर्षांवरील १०० माणसांचे एक गाव डोळ्यांसमोर आणावे. त्यात ५८ जण काम करतात, २ जण कामाच्या शोधात आहेत आणि उरलेले ४० शिक्षण, घरकाम, वार्धक्य अशा कारणांनी कामाच्या बाजारात नाहीत.

१) श्रमशक्ती सहभाग : काम करणारे ५८ आणि काम शोधणारे २ मिळून ६०, म्हणजेच ६० टक्के.
२) काम करणाऱ्यांचे प्रमाण : १०० पैकी ५८, म्हणजे ५८ टक्के.
३) बेकारीचा दर : हा १०० वर नव्हे, तर श्रमशक्तीतील ६० वर काढतात. ६० पैकी २, म्हणजे सुमारे ३.३ टक्के.

बेकारीचा दर कमी दिसला म्हणजे सर्वांना पुरेसे काम मिळाले, असा अर्थ होत नाही. जो काम शोधत नाही आणि कामासाठी उपलब्धही नाही, तो बेकारांत धरला जात नाही. तसेच वर्षातील बराच काळ काम करणारा तर कामकरी ठरतोच, पण वर्षातून किमान ३० दिवस जोडकाम करणारी व्यक्तीही त्यात धरली जाते. कापणी-खुरपणीला महिनाभर शेतावर जाणारी गृहिणी या हिशेबात कामकरी आहे. स्वयंपाक, धुणीभांडी, मुलांचे संगोपन आणि घरासाठी जळण गोळा करणे ही कामे मात्र धरली जात नाहीत. घरच्या गाई-म्हशींचे दूध काढणे, त्यांची देखभाल करणे हे काम धरले जाते.

सात वर्षांत काय बदलले?

देशाचा श्रमशक्ती सहभाग २०१७-१८ मध्ये ४९.८ टक्के होता. तो २०२३-२४ मध्ये ६०.१ टक्के झाला. याच काळात बेकारीचा दर ६.० वरून ३.२ टक्क्यांवर आला. पुरुषांचा सहभाग ७५.८ वरून ७८.८ टक्के, म्हणजे थोडाच वाढला. स्त्रियांचा मात्र २३.३ वरून ४१.७ टक्क्यांवर गेला. ग्रामीण स्त्रियांची वाढ सर्वांत मोठी आहे : २४.६ वरून ४७.६ टक्के.

शेतीच्या बाबतीत तर प्रवाहच उलटा फिरला. १९९३-९४ मध्ये देशातील सुमारे ६४ टक्के कामकरी शेतीत होते. २०११-१२ मध्ये हे प्रमाण ४८.९ टक्के आणि २०१८-१९ मध्ये ४२.५ टक्क्यांपर्यंत खाली आले. मार्च २०२० मध्ये टाळेबंदी झाली, शहरातील कामे थांबली आणि माणसे गावी परतली. त्या वर्षी शेतीचा वाटा ४५.६ टक्के झाला. टाळेबंदी उठल्यावर तो पूर्ववत होईल अशी अपेक्षा होती, पण २०२३-२४ मध्येही तो ४६.१ टक्के होता.

हा भार कोणाच्या खांद्यावर आला, हे पाहणे महत्त्वाचे आहे. ग्रामीण कामकरी पुरुषांपैकी शेतीत असणाऱ्यांचे प्रमाण ५५.० वरून ४९.४ टक्के असे घटले. ग्रामीण कामकरी स्त्रियांत तेच प्रमाण ७३.२ वरून ७६.९ टक्के झाले. थोडक्यात, पुरुष हळूहळू शेतीबाहेर जात आहेत आणि शेती बायकांच्या हातावर येत आहे.

मग मजूर का मिळत नाहीत?

काम करणाऱ्या ग्रामीण स्त्रियांपैकी २०१७-१८ मध्ये ५७.७ टक्के घरच्या शेतीत किंवा स्वतःच्या व्यवसायात होत्या आणि ३१.८ टक्के रोजंदारीवर. २०२३-२४ मध्ये हे आकडे अनुक्रमे ७३.५ आणि १८.७ टक्के झाले. टक्केवारीचा हा गोंधळ टाळण्यासाठी १५ वर्षांवरील १०० ग्रामीण स्त्रियांचा सरळ हिशेब मांडू.

| तपशील (१०० ग्रामीण स्त्रियांमागे, सुमारे) | २०१७-१८ | २०२३-२४ |
|---|---|---|
| काम करणाऱ्या एकूण | २४ | ४६.५ |
| घरची शेती किंवा स्वतःचा व्यवसाय | १४ | ३४ |
| रोजंदारीवर जाणाऱ्या | ७.५ | ९ |
| नियमित पगारी | २.५ | ३.५ |

काम करणाऱ्या स्त्रिया शंभरामागे सुमारे २२ ने वाढल्या. त्यांपैकी २० जणी घरच्याच शेतात किंवा व्यवसायात आहेत. दुसऱ्याच्या बांधावर मजुरीला जाणाऱ्यांत जेमतेम दीडाची भर पडली. त्यातच सोयाबीनची खुरपणी किंवा कपाशीची वेचणी सर्वांचीच एका वेळी येते. ज्या बाईला आपण मजुरीला बोलावतो, ती त्या आठवड्यात स्वतःच्या वावरात असते. म्हणजे गावात माणसे आहेत हे खरे आणि मजूर नाहीत हेही खरे.

ही वाढ शंभर टक्के समाधानाची मात्र नाही. २०२३-२४ मध्ये देशातील काम करणाऱ्या स्त्रियांपैकी ३६.७ टक्के स्त्रिया घरच्या उद्योगात बिनमोबदला मदतनीस होत्या. त्या कामकरी म्हणून मोजल्या गेल्या, पण त्यांच्या हाती पैसा आला नाही. शिवाय घरकाम सुटलेले नाही. २०२४ च्या वेळ-वापर सर्वेक्षणानुसार घरकाम करणाऱ्या स्त्रिया त्यावर दिवसाला सरासरी २८९ मिनिटे खर्च करतात, तर घरकाम करणारे पुरुष ८८ मिनिटे.

घरच्या मजुरीची किंमत धरा

केंद्र सरकारचा कृषी खर्च व मूल्य आयोग पिकाचा उत्पादन खर्च काढताना 'ए-२' मध्ये बियाणे, खते, औषधे, बाहेरची मजुरी असा प्रत्यक्ष खर्च धरतो. त्यात घरच्या माणसांच्या श्रमाची किंमत मिळवली की 'ए-२ अधिक एफएल' हा खर्च होतो. २०१८-१९ पासून हमीभाव या खर्चाच्या किमान दीडपट ठेवण्याचे धोरण आहे. सरकार घरच्या श्रमाची किंमत धरते. आपल्या घरच्या वहीत मात्र ती क्वचितच धरली जाते.

उदाहरणादाखल, एका एकर सोयाबीनमध्ये सर्व रोख खर्च वजा जाता १५,००० रुपये हाती राहिले असे समजू. पेरणीपासून मळणीपर्यंत घरच्या माणसांनी मिळून ३२ दिवस काम केले आणि गावातील मजुरीचा दर ३०० रुपये धरला, तर घरच्या मजुरीची किंमत ९,६०० रुपये होते. म्हणजे खरा नफा ५,४०० रुपये. उरलेली रक्कम घरच्या माणसांची मजुरीच आहे आणि त्यात बाईचा वाटा बहुधा मोठा असतो. हा हिशेब मांडल्याशिवाय कोणते पीक परवडते आणि कोणते यंत्र घेणे फायद्याचे, हे ठरवता येत नाही.

यासाठी पुढीलप्रमाणे उपाय योजावेत.

१) नोंदवही ठेवावी. तारीख, शेताचा तुकडा, पीक, काम, कोणी केले आणि किती तास, एवढे सहा रकाने पुरेत. घरच्या व बाहेरच्या माणसांची नोंद एकाच वहीत करावी आणि स्त्री-पुरुष दोघांच्याही कामाचे तास लिहावेत.

२) कामाचा ताण कोणत्या आठवड्यात येतो ते वहीतून शोधावे. सर्व क्षेत्रावर एकच पीक व एकच वाण घेण्याऐवजी कमी-अधिक कालावधीचे वाण निवडल्यास काढणी विभागली जाते.

३) तण वेळेवर काढावे. सोयाबीनमध्ये पहिली कोळपणी १५ ते २० दिवसांनी आणि दुसरी २५ ते ३० दिवसांनी करावी. पीक फुलावर आल्यावर कोळपणी करू नये. वेळेवर कोळपणी झाल्यास खुरपणीचे मनुष्यदिवस पुष्कळ कमी होतात. त्यासाठी पेरणी ओळीतच करावी.

४) अवजार घेताना ते चालवणार कोण, हे आधी पाहावे. सायकल कोळपे किंवा सुधारित विळा घेताना घरातील स्त्रियांना प्रत्यक्ष चालवून पाहू द्यावा. दांड्याची उंची व वजन त्यांना सोयीचे नसेल, तर ते अवजार कोपऱ्यात पडून राहते.

५) सावड पुन्हा सुरू करावी. इर्जिक, वारंगुळा अशा नावांनी ही पद्धत आपल्याकडे पूर्वापार आहे. पाच-सहा कुटुंबांनी पेरणीच्या वेळीच आपसांत तारखा ठरवून घ्याव्यात, म्हणजे खुरपणीच्या वेळी धावपळ होत नाही.

सातबाऱ्यावरील नाव

ग्रामीण कामकरी स्त्रियांपैकी तीन चतुर्थांशाहून अधिक शेतीत असताना, २०१५-१६ च्या कृषी गणनेनुसार देशातील वहिवाटीच्या खात्यांपैकी फक्त सुमारे १४ टक्के खाती स्त्रियांच्या नावे होती. पीककर्ज, पीएम-किसानची रक्कम, अवजारांवरील अनुदान यांसाठी प्रथम जमिनीचा उतारा पाहिला जातो. पतीचे अचानक निधन झाल्यास, वर्षानुवर्षे तीच जमीन कसणाऱ्या बाईला वारस नोंदीपासून सुरुवात करावी लागते आणि त्यात एखादा हंगाम हातचा जाऊ शकतो.

महाराष्ट्रात या प्रश्नावर पूर्वीच विचार झाला आहे. शेतकरी संघटनेने शरद जोशी यांच्या नेतृत्वाखाली १९८६ मध्ये चांदवड येथे शेतकरी महिलांचे अधिवेशन घेतले आणि पुढे लक्ष्मीमुक्तीची मोहीम चालवली. १९९२ मध्ये राज्य शासनानेही पत्नीचे नाव सातबाऱ्यावर सहहिस्सेदार म्हणून लावण्यासाठी लक्ष्मीमुक्ती योजना आणली. मुलींना वडिलोपार्जित मिळकतीत समान हक्क देणारी सुधारणा राज्यात १९९४ मध्ये आणि हिंदू वारसा कायद्यात देशपातळीवर २००५ मध्ये झाली. कायदा आहे, वाट आहे. अर्ज आपण करायचा आहे. आपल्या गावच्या तलाठी कार्यालयात यासंबंधी चौकशी करावी.

आणखी एक गोष्ट. २०११ च्या जनगणनेत देशात ११.८८ कोटी शेतकरी आणि १४.४३ कोटी शेतमजूर नोंदले गेले. पुढील जनगणनेसाठी १ मार्च २०२७ ही संदर्भ तारीख ठरली आहे. प्रगणक दारी येतो तेव्हा बहुधा घरातील पुरुषच उत्तर देतो आणि "त्या घरीच असतात" असे सहज बोलून जातो. त्या एका वाक्याने वर्षभर राबणारी शेतकरीण कागदावरून नाहीशी होते. शेतावर काम करणाऱ्या प्रत्येक स्त्रीचे काम प्रगणकाला स्पष्ट सांगावे आणि शक्यतो तिलाच उत्तर देऊ द्यावे.

तेव्हा शेतकरी बंधू-भगिनींनो, येत्या हंगामाच्या पहिल्या पेरणीपासून नोंदवही सुरू करा. हंगाम संपल्यावर घरातील सर्वांनी एकत्र बसून ती वाचा. कोणाचे किती दिवस शेतात गेले, हे एकदा आकड्यांत दिसले की पुढील पीक, अवजार आणि सातबाऱ्यावरील नाव या तिन्ही गोष्टींचा निर्णय घेणे सोपे जाईल.