चिमूरच्या माहितीपटासाठी

ब्रह्मपुरी

चि. निखिल,

चिमूरच्या १९४२ च्या लढ्यावर माहितीपट करतोयस, वाचून बरं वाटलं. १६ ऑगस्टच्या प्रसंगाखाली तुकडोजी महाराजांचं खंजिरीभजन लावायचं म्हणतोस. लाव. पण तुझ्या हातची रील नागपूर आकाशवाणीची, आणि ते केंद्रच मुळी १९४८ साली सुरू झालं. भजन त्याच दिवशीचं आहे असं प्रेक्षकाला वाटायला नको. ‘नंतरचं ध्वनिमुद्रण’ एवढी पाटी येऊ दे. दिग्दर्शक म्हणेल, रंगाचा बेरंग होतो. होऊ दे की! बालाजी रायपूरकर शहीद झाले ते चिमूर. तिथेच तुला हा पट दाखवायचा आहे.

रील आधी जशीच्या तशी ९६ किलोहर्ट्झ, २४ बिटवर उतरवून घे. खरखर काढायची घाई नको. टेपमध्ये विजेची गुणगुण शिरलेली असेल तर ती कामाची असते. आपल्याकडची वीज ५० हर्ट्झची. गुणगुण ५२ वर दिसली तर टेप चार टक्के जोरात पळतेय आणि महाराजांचा भरदार आवाज उगाच कोवळा झालाय. मात्र ती गुणगुण तुझ्याच यंत्राची नाही ना, हे आधी बघ. शिवाय तेव्हाची वीजही डगमगायची, म्हणून पेटीच्या पट्टीशी ताडून घे.

हक्कांचं प्रकरण किचकट. प्रसिद्ध झालेल्या ध्वनिमुद्रणाचा हक्क प्रसिद्धीनंतरच्या जानेवारीपासून ६० वर्षं चालतो, म्हणजे १९६० ची एखादी तबकडी आता मोकळी. पण महाराज १९६८ साली गेले, त्यामुळे त्यांच्या शब्दांवरचा हक्क २०२८ अखेरपर्यंत आहे. चौकशी महाराजांच्या मोझरीच्या गुरुकुंज आश्रमापासून सुरू कर. रील कधी प्रसिद्धच झाली नसेल तर हिशेब वेगळा. आकाशवाणीकडून लेखी परवानगी घेच.

रानाचा आवाज भरताना महिना सांभाळ. त्या १६ ऑगस्टला नागपंचमी होती. धानाच्या बांध्यांत पाणी, बेडकांचा गलका. तुझ्या साठ्यातला ताडोब्याचा आवाज मोहफुलांच्या दिवसांतला असेल, तर त्यातला वाळला पाचोळा आपल्या झाडीपट्टीतलं शेंबडं पोरही ओळखेल.

आणि ‘जंगलाचा फील’ हवा म्हणून भामरागडकडचं माडिया रेला गाणं चिमूरच्या दृश्यात कोंबू नकोस. ते गाणं पुढे गडचिरोलीवर काही करशील तेव्हा वापर. गाणाऱ्या बाईचं नाव कॅसेटवर नसेल तर आधी तिच्या गावात जाऊन विचार. जाणार असशील तर पावसाळ्याआधी जा, पर्लकोटा नदीला पूर आला की भामरागडचा रस्ता बंद होतो.

तुझा,
काका