नावाचा अर्थ आणि नावाची माणसं

गेल्या नाताळाच्या आधी आमच्या घरात जोरदार वाद झाला. दादा-वहिनीला मुलगी झाली होती, बाप्तिस्म्याची तारीख ठरली होती, पण नाव ठरत नव्हतं. वहिनीला ‘कृपा’ हवं होतं. आजीचं म्हणणं एकच, “संतिणीचं नाव पाहिजे. माझ्या आईचं ठेवा, आना. कृपा काय, कुणाचंही असतं.” दोन दिवस दोघी एकमेकींशी कामापुरतंच बोलत होत्या. शेवटी दादा मला म्हणाला, “तू साहित्य शिकतेस ना? मग बघ काहीतरी शोधून.”

मी शोधायला बसले. हा लेख त्यातूनच झाला. आपल्या मंडळात संतसाहित्यावर, कथेवर पुष्कळ बोलणं होतं. पण रोज तोंडात असणाऱ्या नावांकडे आपण भाषा म्हणून क्वचितच बघतो.

एक धातू, अनेक नावं

‘आना’चं मूळ हिब्रू भाषेत आहे. जुन्या करारातल्या शमुवेलाच्या आईचं नाव हन्ना. ज्या धातूपासून ते आलं, त्याचा अर्थ मेहेरनजर करणे, कृपा करणे. हिब्रूतला सुरुवातीचा घशातला ‘ह’ ग्रीक लिखाणात राहिला नाही आणि हन्नाचं ‘अन्ना’ झालं. तिथून लॅटिन, लॅटिनमधून पोर्तुगीज आणि पोर्तुगिजांबरोबर ते गोव्यात आलं. गोव्यातलं ‘संताना’ म्हणजे सांता आना, संत आना. गंमत म्हणजे मारियेची आई म्हणून जिला आपण मानतो, त्या आनाचं नाव बायबलमध्ये कुठेच नाही. ते याकोबाच्या नावावर असलेल्या एका जुन्या, बायबलबाहेरच्या ग्रंथातून आलं.

त्याच धातूपासून दुसरं नाव झालं, योहानान, म्हणजे ‘परमेश्वराने कृपा केली’. मराठी बायबलात ते योहान. इंग्रजीत जॉन, स्पॅनिशमध्ये हुआन, इटालियनमध्ये जोव्हानी, रशियनमध्ये इव्हान आणि आपल्या कोकणीत जुआंव. ऐकायला सगळी वेगळी, पण नाव एकच.

हे बदल उगीच होत नाहीत. लॅटिनमध्ये जे अक्षर ‘य’सारखं वाचलं जायचं, त्याचा उच्चार पुढे इंग्रजीत ‘ज’ झाला, पोर्तुगिजांत ‘झ’च्या जवळ गेला आणि स्पॅनिशमध्ये ‘ह’च्या. पोर्तुगिजांचा नाकातला शेवटचा स्वर कोकणीत ‘आंव’ झाला. म्हणून जुआंव, आणि म्हणूनच सेबास्तियनचं बस्त्यांव. तिथे तर सुरुवातीचा ‘से’सुद्धा गळला. जोसेफचं जुजे, मिगेलचं मिंगेल, दोमिंगोसचं दुमिंग, कायतानोचं कायतान हे सगळे त्याच वाटेचे प्रवासी. परकं नाव आपल्या जिभेवर रुळतं, तेव्हा जीभ त्याला आपल्या मापाचे कपडे शिवते.

अर्थ सांगून भागतं का?

मी आनंदाने घरी सांगितलं, “भांडता कशाला? आना म्हणजेच कृपा!” आजी शांतपणे म्हणाली, “मग आनाच ठेवा की.” वहिनी म्हणाली, “मग कृपाच ठेवूया की.” माझा सगळा अभ्यास तिथेच आपटला.

मग माझ्या लक्षात आलं, की नावाचा कोशातला अर्थ आणि नाव ठेवण्यामागचं कारण या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. फादर थॉमस स्टीफन्सचंच नाव घ्या. ते इंग्लंडचे, 1579 साली गोव्यात आले आणि 1616 साली त्यांचं मराठी ख्रिस्तपुराण छापलं गेलं. थॉमस हे अरामी भाषेतल्या ‘जुळा’ या शब्दावरून आलं. योहानाच्या शुभवर्तमानात थोमाला ‘दिदुम’ असंही म्हटलंय, तो ग्रीक शब्द, अर्थ पुन्हा जुळाच. स्टीफन म्हणजे ग्रीकमध्ये मुकुट. म्हणजे मराठीतल्या एवढ्या मोठ्या ख्रिस्ती कवीला आपण ‘जुळा मुकुट’ म्हणायचं का? नाही ना. थॉमस हे नाव ठेवतात ते संत थोमाच्या आठवणीने, जुळ्यांसाठी नव्हे.

मराठीतही असंच आहे. लागोपाठ मुलं दगावली की पुढच्या मुलाचं नाव दगडू, धोंडू किंवा केरोबा ठेवायची रीत होती. आई-बापाला मुलगा दगडासारखा वाटत नव्हता. उलट तो फार जपायचा होता, म्हणून दृष्ट लागू नये यासाठी नावाचा बुरखा घातला. इथे अर्थाच्या बरोबर उलटी भावना आहे.

पण अर्थ महत्त्वाचा नाही, असंही म्हणता येत नाही. सातारा जिल्ह्यात ‘नकोशी’ नावाच्या मुली होत्या. मुलगाच हवा असताना झाल्या, म्हणून नकोशी. 2011 साली एका कार्यक्रमात अशा अडीचशेहून जास्त मुलींना नवी नावं देण्यात आली. हजेरीच्या वेळी रोज ‘नकोशी’ ऐकणाऱ्या मुलीला तुम्ही सांगू शकत नाही, की नावात काय आहे.

माझं स्वतःचं नाव मार्था. शाळेत मुलं ‘मार्था की मराठा?’ म्हणून चिडवायची. अरामी भाषेत मार्था म्हणजे मालकीण, घरधनीण. आणि लूकच्या शुभवर्तमानात ती स्वयंपाकघरात राबताना दिसते! अर्थ आणि आयुष्य यांची अशी फारकत होते कधी कधी.

संताचंच नाव पाहिजे का?

आजीचा मुद्दा धर्माचा होता, म्हणून तोही तपासला. 1917 च्या चर्चच्या कायद्यात फादरांनी मुलाला ख्रिस्ती नाव मिळेल हे पाहावं, आणि ते जमलं नाही तर आई-बापाच्या नावाला संताचं नाव जोडून दोन्ही नोंदवावीत, असं होतं. 1983 च्या कायद्यात एवढंच आहे, की ख्रिस्ती भावनेला परकं असेल असं नाव देऊ नये. ‘कृपा’ तर आपल्या प्रार्थनांत सारखं येतं. ते परकं कसं?

शिवाय संतांची नावं तरी सगळी ख्रिस्ती कुठे होती? मार्टिन हे नाव मार्स या रोमी युद्धदेवतेवरून आलं. इसिदोर म्हणजे इजिप्तच्या इसिस देवीची देणगी. देमेत्रियस हे देमेतर या धान्याच्या देवीचं. पौलाने रोमकरांना लिहिलेल्या पत्रात फीबी नावाच्या सेविकेची शिफारस केली आहे, आणि फीबी हे एका ग्रीक देवीचंही नाव. पौलाने तिला ‘आधी नाव बदल’ असं सांगितल्याचं दिसत नाही. माणसं पवित्र झाली आणि त्यांच्यामुळे नावं पवित्र झाली. आपल्याकडचं उदाहरण रेव्हरंड नारायण वामन टिळक. 1895 साली त्यांचा बाप्तिस्मा झाला, पण नाव नारायणच राहिलं. त्याच नावाने त्यांनी ख्रिस्तावर अभंग लिहिले.

उलटी वाटही आहे. मालोजी भोसल्यांनी शाह शरीफ या पिराच्या कृपेने मुलं झाली म्हणून त्यांची नावं शहाजी आणि शरीफजी ठेवली, असं परंपरा सांगते. म्हणजे शिवाजी महाराजांच्या वडिलांच्या नावात फारसी ‘शाह’ आहे. आमच्या बेळगावात मराठी घरांतही कल्लाप्पा, यल्लाप्पा भेटतात, त्यांतला ‘अप्पा’ कन्नड. नावं शेजाऱ्यांकडून येतात, संतांकडून येतात, राज्यकर्त्यांकडून येतात. आडनावांचंही तेच. आपल्यातला ‘लोबो’ म्हणजे पोर्तुगिजांत लांडगा. तेव्हा लोबो आणि लांडगे यांनी एकमेकांना सख्खे म्हणायला हरकत नाही.

शेवटी काय ठरलं?

हे सगळं मी आजीला वाचून दाखवलं. तिने ऐकून घेतलं आणि म्हणाली, “ते खरं असेल गं. पण माझ्या आईला आता नावाने हाक मारणारं कुणी उरलं नाही. घरात परत एकदा ‘आना’ अशी हाक ऐकू यावी, एवढंच.” वहिनी दारात उभी होती. तिने काही वेळाने स्वतःच सांगितलं, “कृपा आना, असं लिहू.”

मला वाटतं, नावाचा अभ्यास करताना तीन प्रश्न विचारावेत. मूळ शब्द कोणता आणि त्याचा अर्थ काय? तो कोणत्या भाषांतून, कसा बदलत इथवर आला? आणि हे नाव तुम्हाला कुणी, कुणाच्या आठवणीने दिलं? पहिल्या दोन प्रश्नांची उत्तरं ग्रंथालयात मिळतात. तिसऱ्याचं उत्तर फक्त घरातल्या म्हाताऱ्या माणसांकडे असतं, आणि ती माणसं आहेत तोवरच मिळतं. म्हणून मंडळाच्या पुढच्या बैठकीला येताना प्रत्येकाने आपल्या नावाच्या या तीन ओळी लिहून आणाव्यात, अशी माझी विनंती आहे. सुरुवात तिसऱ्या प्रश्नापासून करा.

आमची छोटी आता बसायला लागली आहे. वहिनी ‘कृपा’ म्हणते, आजी अजून ‘आना’च म्हणते. ती दोन्ही हाकांना वळून बघते.