तेल थोडे, सत्त्व पुरते : लाल भोपळ्याचे भरीत

ताटाच्या डाव्या बाजूस भरिताचे स्थान जुने आहे. खानदेशी वांग्याच्या भरितास तेल सढळ लागते. लाल भोपळ्याचे भरीत मात्र अल्प तेलात उत्तम होते.

साल काढलेल्या अर्धा किलो भोपळ्याच्या फोडी चाळणीत वाफवाव्यात. पाण्यात शिजविल्यास भरीत पातळ होते व काही सत्त्वे पाण्यात जातात. फोडी निवल्यावर कुस्करून मीठ व दोन चमचे दाण्याचे कूट मिसळावे. एक लहान चमचा तेलात मोहरी, जिरे, हिंग व हिरवी मिरची यांची फोडणी द्यावी. वाटीभर ताजे दही वाढतेवेळी घालावे.

तेल कमी करावे, वर्ज्य करू नये. भोपळ्यातील कॅरोटीनपासून शरीरात ‘अ’ जीवनसत्त्व तयार होते. त्याच्या शोषणास थोडा स्निग्धांश आवश्यक असतो. या जीवनसत्त्वाच्या अभावी बालकांस रातांधळेपणा जडतो.

शालेय पोषण आहारात प्राथमिक वर्गातील प्रत्येक मुलामागे ५० ग्रॅम भाजी व ५ ग्रॅम तेल हे प्रमाण आहे. वरील भरीत दहा मुलांना पुरते आणि तेल प्रत्येकी सुमारे अर्धा ग्रॅमच लागते. अखंड पक्व भोपळा कोरड्या जागी महिनोन्‌महिने टिकतो. म्हणून प्रत्येक शाळेच्या परसबागेत भोपळ्याचा वेल असावा, याकडे शिक्षक व पंचायत सदस्यांनी अगत्याने लक्ष द्यावे.