मिसेस हडसन स्कॉटिश होत्या का?

प्रश्न : बॅझिल रॅथबोन यांचे शेरलॉक होम्सचे जुने कृष्णधवल चित्रपट नुकतेच पाहिले. त्यात बेकर स्ट्रीटच्या घरमालकीणबाईंचं इंग्रजी इतरांपेक्षा वेगळं वाटलं. भालबा केळकरांनी मराठीत आणलेल्या होम्सकथा लहानपणी वाचल्या होत्या, पण मिसेस हडसन मूळच्या कुठल्या, हे त्यात वाचल्याचं आठवत नाही. त्या स्कॉटिश होत्या का? आणि ही अभिनेत्री कोण?
— एक वाचक, सातारा

उत्तर : तुमचा कान पक्का आहे. तुम्ही ऐकलात तो उच्चार ग्लासगोचा, आणि त्या बाई म्हणजे मेरी गॉर्डन. आधी त्यांच्याविषयी सांगतो, मिसेस हडसनच्या गावाचा निकाल शेवटी लावू.

मेरी गॉर्डन यांचा जन्म 1882 सालचा, माहेरचं आडनाव गिल्मूर. स्कॉटलंडच्या रंगभूमीवर काम करता करता त्या एका फिरत्या नाटक कंपनीबरोबर अमेरिकेला गेल्या आणि पुढे आई व मुलीसह लॉस एंजलिसला स्थायिक झाल्या. 1925 च्या सुमारास सिनेमात छोटी कामं मिळू लागली, तेव्हा त्यांनी चाळिशी ओलांडली होती. नायिका होण्याचा प्रश्नच नव्हता, आणि चित्रपटही मुके होते. ग्लासगोचा उच्चार तिथे काय कामाचा?

दोन-तीन वर्षांत बोलपट आले आणि चित्र पालटलं. परक्या उच्चारापायी मूकपटांतल्या काही बड्या नटनट्यांचं बस्तान उठलं. मेरीबाईंचं नेमकं तिथेच बसलं. बसकी अंगलट, प्रेमळ चेहरा आणि ‘र’ घोळवत बोलणं, एवढ्या भांडवलावर त्यांना आई, दाई, स्वयंपाकीण, खाणावळवाली अशा भूमिका मिळत गेल्या. चित्रपटधंद्यात अशांना चरित्र अभिनेत्री म्हणतात. गोष्ट त्यांच्यावर फिरत नाही, पण त्या आल्या की पडद्यावरचं घर खरं वाटू लागतं.

त्यांना धरून ठेवणारा मोठा दिग्दर्शक म्हणजे जॉन फोर्ड. ‘हँगमन्स हाउस’ (1928) या मूकपटाच्या वेळी दोघांची ओळख झाली. एकदा मन जुळलं की तीच माणसं पुन्हापुन्हा बोलवायची, ही फोर्ड यांची रीत. त्यामुळे ‘द ब्लॅक वॉच’पासून 1948 च्या ‘फोर्ट अपाची’पर्यंत मेरीबाई त्यांच्या चित्रपटांत अधूनमधून दिसत राहिल्या. ‘मेरी ऑफ स्कॉटलंड’मध्ये (1936) तर गंमतच आहे. स्कॉटलंडची राणी झाली होती अमेरिकेतल्या कनेटिकटची कॅथरीन हेपबर्न, आणि जातिवंत स्कॉटिश मेरीबाईंच्या वाट्याला आली दाईची भूमिका!

त्यांच्या कामाचा आवाका पाहायचा तर 1935 हे एकच साल घ्या. ‘ब्राइड ऑफ फ्रँकेन्स्टाइन’मध्ये चित्रपट सुरू होतो न होतो तोच राक्षस जळक्या पवनचक्कीखालच्या पाण्यात एका म्हाताऱ्याचा जीव घेतो. वर उभी असलेली त्याची बायको, आपला नवराच वर येतोय असं समजून हात पुढे करते, आणि तो हात राक्षस धरतो. ती बायको मेरी गॉर्डन. त्याच वर्षी लॉरेल-हार्डीच्या ‘बॉनी स्कॉटलंड’मध्ये त्या घरमालकीण झाल्या. ‘द आयरिश इन अस’मध्ये जेम्स कॅग्नी, पॅट ओब्रायन आणि फ्रँक मॅकह्यू या तिघा भावांची आयरिश आई. कॅग्नी आणि ओब्रायन दोघेही 1899 सालचे, म्हणजे पडद्यावरची आई लेकांपेक्षा जेमतेम सतरा वर्षांनी मोठी! शिवाय ग्लासगोच्या बाईला आयरिश करण्यात हॉलिवूडला काहीच वावगं वाटलं नाही. आयरिश काय नि स्कॉटिश काय, तिकडचा हेल असला की झालं, असा तो हिशेब.

मात्र स्कॉटिश भूमिकेत त्या काय करू शकत, हे पाहायचं असेल तर ‘द बॉडी स्नॅचर’ (1945) पाहा. स्टीव्हन्सनच्या कथेवरचा हा चित्रपट जुन्या एडिनबर्गमध्ये घडतो. वैद्यकशाळेला विकण्यासाठी प्रेतं उकरण्याचे ते दिवस. मेरीबाई इथे मुलगा गमावलेल्या आईच्या भूमिकेत आहेत, आणि मुलाच्या थडग्यावर त्याचा कुत्रा राखण करतो आहे. प्रसंग लहान आणि रडारड नाही. पण पुढे त्या थडग्याचं जे होतं ते पाहताना आपल्याला आठवत राहते ती हीच बाई.

आता तुमच्या मिसेस हडसन. 1939 ते 1946 या काळात रॅथबोन आणि नायजेल ब्रूस या जोडीचे होम्सवर चौदा चित्रपट निघाले. पहिले दोन व्हिक्टोरिया राणीच्या काळातले. पुढच्या बारांत होम्स थेट दुसऱ्या महायुद्धाच्या काळात येतो. काळ बदलला, चित्रपट कंपनी बदलली, पण घरमालकीण तीच राहिली. सगळ्या चित्रपटांत नसल्या, तरी दार उघडायचं काम असलं की ते मेरीबाईंकडेच. पुढच्या पडद्यांवर रोझली विल्यम्स आणि ऊना स्टब्स यांनी ही भूमिका आपापल्या परीनं रंगवली, पण दिवाणखान्यातल्या पसाऱ्यावर कुरकुरणारी, तरी होम्सच्या काळजीनं व्याकूळ होणारी प्रेमळ बाई प्रेक्षकांच्या मनात प्रथम रुजवली ती मेरी गॉर्डन यांनी. मूळ कथांत कॉनन डॉयल यांनी मिसेस हडसनचं ना वय सांगितलंय, ना रूप.

आणि गाव? ‘द नेव्हल ट्रीटी’ या कथेत एक धागा सापडतो. मिसेस हडसन न्याहारीला कोंबडीची करी पाठवतात, आणि दुसऱ्या ताटलीच्या झाकणाखाली निघतो हरवलेला करार! त्या वेळी होम्स म्हणतो, की बाईंना पदार्थ मोजकेच येत असले तरी न्याहारीची जाण मात्र स्कॉटिश बाईइतकी आहे. काहींनी यावरून मिसेस हडसनना स्कॉटिश ठरवलं. पण विचार करा, ‘मासे अगदी मालवणी बाईसारखे करते’ असं आपण मालवणी बाईबद्दल कधी म्हणतो का?

मेरी गॉर्डन 1950 च्या सुमारास निवृत्त झाल्या आणि 1963 साली कॅलिफोर्नियात पासाडेना इथे वारल्या. अडीचशेहून अधिक चित्रपट त्यांच्या नावावर आहेत, आणि त्यांतल्या कित्येकांच्या श्रेयनामावलीत त्यांचं नावच नाही. तेव्हा निकाल असा : पुस्तकातल्या मिसेस हडसन बहुधा स्कॉटिश नव्हत्या. तुम्ही पाहिलेल्या मात्र अस्सल ग्लासगोच्या.