रडार : आणणारे आपण, आता विकणारेही!

अकरावीत ‘प्रोजेक्टाइल मोशन’ची गणितं सोडवताना वैताग आला होता ना? त्याच गणितावर आता देशाला डॉलर मिळतात! शत्रूचा तोफगोळा हवेत असतानाच त्याच्या मार्गाचे काही बिंदू टिपायचे आणि मार्ग उलटा मागे न्यायचा, की तोफ कुठे आहे ते कळतं. (हवेचा विरोध धरावा लागतो, पेपरातला साधा पॅराबोला इथे चालत नाही.)

१९९९च्या कारगिल युद्धात अशा रडारची उणीव आपल्याला फार महागात पडली. १९९८च्या अणुचाचण्यांनंतर अमेरिकेचे निर्बंध होते. त्यांचं ‘फायरफाइंडर’ घेण्याचा करार झाला २००२ मध्ये. इकडे बंगळुरूच्या एलआरडीईने ‘स्वाती’ तयार केलं, उत्पादन भारत इलेक्ट्रॉनिक्सचं. २०२०च्या बातम्यांनुसार आर्मेनियाने रशिया, पोलंडला बाजूला ठेवून चार ‘स्वाती’ घेतली, सुमारे चार कोटी डॉलरला.

मॉरिशस, सेशेल्स, मालदीवच्या किनाऱ्यांवरही आपली टेहळणी रडार आहेत, पण त्यात मैत्रीचा वाटा मोठा. गिऱ्हाईकापुढे दुसरा माल असताना तो आपला उचलतो, ती माझ्या मते खरी निर्यात. आणि विकून सुटका नाही! सुटे भाग, दुरुस्ती, सॉफ्टवेअर, सगळं पुढची कित्येक वर्षं पुरवत राहावं लागतं.