गॅसची टाकी किती दिवस पुरेल?

पिकाचा अदमास करण्यांत आमचा शेतकरी कोणास हार जाणारा नाहीं. उभ्या ज्वारीच्या रानांतून एक फेरी मारली, कीं एकरीं किती पोतीं उतरतील हें तो बिनचूक सांगतो. परंतु स्वयंपाकघरांतील गॅसची टाकी आणखी किती दिवस चालेल, असें विचारलें तर तोच गृहस्थ ‘मागची सव्वा महिना गेली होती’ एवढ्यावर थांबतो. आम्हीही त्यांतलेच. महसूल खात्यांत कारकुनी करून लोकांच्या पिकांच्या आणेवारीचे तक्ते आम्हीं वर्षानुवर्षें भरले. पण दोन वर्षांमागें हळद काढणीच्या दिवशीं बारा माणसांच्या भाकरी अर्ध्या झाल्या असतां घरची शेगडी विझली. सौभाग्यवतींनीं परसांत तीन दगड मांडून वेळ मारून नेली. त्या आम्हांस एक शब्दही बोलल्या नाहींत, हेंच अधिक लागलें. त्या दिवसापासून आम्हीं वही घातली. तिची रीत येथें देत आहों.

घरगुती टाकींत १४.२ किलो गॅस असतो. रिकाम्या टाकीचें वजन मात्र दर टाकीस निराळें, बहुधा १५ ते १७ किलोंच्या दरम्यान असून, तें टाकीवरच लिहिलेलें असतें. तेथें १५.६ असा आंकडा असेल, तर भरलेली टाकी २९.८ किलो भरली पाहिजे. तें वजन टाकी आणणाऱ्या माणसासमक्षच करून घ्यावें. त्यांत भीड धरूं नये. पुढें दर आठवड्यास एका ठराविक वारीं शेगडी बंद करून रेग्युलेटर काढावा, टाकीस टोपी बसवावी, व ती उभीच धान्याच्या काट्यावर ठेवावी. टाकी कधींही आडवी करूं नये, व जवळपास चूल अगर दिवा नसावा.

समजा, सात दिवसांनीं वजन २७.३ किलो भरलें. म्हणजे अडीच किलो गॅस जळला. दररोजचा खर्च सुमारें ३५७ ग्रॅम. टाकींत ११.७ किलो उरला, त्यास ०.३५७ नें भागिलें असतां जवळजवळ ३३ दिवस येतात. आमच्या सहा माणसांच्या घरचा खर्च याच सुमाराचा आहे. परंतु सरासरीवर विसंबून राहणाराच फसतो. मजुराच्या एका वेळच्या जेवणास आमच्या वहीप्रमाणें ३० ग्रॅम गॅस लागतो. म्हणजे बारा माणसांस एकदां जेवूं घातलें, कीं टाकीचा एक दिवस गेला. आठ दिवस काढणी चालली तर आठ दिवस गेले. द्राक्षांची छाटणी, घरचें कार्य, थंडींतलें अंघोळीचें पाणी यांचा हिशेब असाच आधीं मांडावा.

काटा नसेल त्यानें शेगडी चालू असतां टाकीवरून ओलें फडकें फिरवावें. पातळ गॅस आहे तेथवरचा भाग उशिरां वाळतो, कारण तो थंड असतो. ही खूण खरी, पण टाकी वरखालीं गोल असल्यामुळें उंची निम्मी म्हणजे गॅसही नेमका निम्मा असें नव्हे.

थंडींत आणखी एक फसगत होते. हा गॅस प्रोपेन व ब्यूटेन यांचें मिश्रण आहे. प्रोपेन उणें ४२ अंशांस उकळतो, ब्यूटेन शून्याच्या आसपास. म्हणून प्रोपेन आधीं अधिक निघून जातो व टाकीच्या अखेरीस ब्यूटेन जास्त उरतो. महाबळेश्वर-पांचगणीकडे पौषांतल्या पहांटे ज्योत मंदावते, आणि लोक टाकी संपली म्हणून परत करितात. आधीं वजन पाहावें. टाकी गरम पाण्यांत ठेवणें किंवा शेकणें हा मात्र प्राणावरचा खेळ आहे.

वहीचा एक उपयोग आमच्या ध्यानांत मागाहून आला. गेल्या आषाढांत घरीं पाहुणा नसतां आठवड्याचा खर्च तीन किलोंवर गेला. पडशामुळें आम्हांस वास येत नव्हता. नळीस साबणाचें पाणी लावतांच सांध्यापाशीं बुडबुडे आले. हा वायू हवेहून जड असल्यानें जमिनीलगत सांचतो. आंकडा पाहिला नसता, तर काय झालें असतें हें सांगावयास नको. टाकी तत्काळ बंद करून नळी त्याच दिवशीं बदलली.

आतां नवी टाकी केव्हां मागवावी? मागणीपासून टाकी येईपर्यंतचे दिवस वहींत लिहीत जावे, आणि त्यांतली सर्वांत लांबलेली मुदत धरावी, सरासरी नव्हे. आमच्याकडे बहुधा चार दिवस लागतात, पण एकदां नऊ लागले; सबब दहा दिवसांचा गॅस उरला कीं आम्ही मागणी नोंदवितों. नदीकांठीं हेंही पुरत नाहीं. ऑगस्ट २०१९ च्या महापुरांत कृष्णाकांठच्या गांवांचे रस्ते पाण्याखालीं गेले. जुलै २०२१ मध्यें पाटण तालुक्यांत दरडी कोसळल्या. अशा गांवांनीं मृगापूर्वीं दुसरी टाकी भरून ठेवावी, आणि पूर येण्याचें चिन्ह दिसतांच ती उंच जागीं, हवेशीर ठिकाणीं हलवावी.